इलेक्ट्रिक गाड्यांची सार्वजनिक चार्जिंग सेवा, सव्वा वर्ष वापरून: नकाशावर हिरवं, जागेवर बंद

सरळ सांगते, पाचपैकी अडीच. आणि त्यातला एक अख्खा स्टार एका साध्या एसी पोस्टचा, म्हणजे घरच्यासारखी वीज देणाऱ्या हळू चार्जरच्या खांबाचा आहे, त्या दिमाखात उभ्या केलेल्या फास्ट चार्जरांचा नाही. का ते येतंच पुढे.

नाव घेत नाहीये कोणाचं. ही सेवा म्हणजे एका प्रादेशिक आराखड्यातून उभं राहिलेलं चार्जिंगचं जाळं आहे, त्या आराखड्यात इलेक्ट्रिक, गॅस, पुढे जाऊन हायड्रोजन असं सगळंच होतं. माझी गाडी ४० युनिट बॅटरीची. घरी चार्जर लावता येत नाही, पार्किंग सामायिक आहे आणि मीटर पार दुसऱ्या टोकाला, त्यामुळे शंभर टक्के बाहेरच्या चार्जिंगवर अवलंबून. म्हणजे ज्या गिऱ्हाइकासाठी हे सगळं केलं म्हणतात ना, ती मीच.

आधी चांगलं बोलते. चालू असलं की छान चालतं. गन, म्हणजे केबलच्या टोकाचा प्लग, खोचली की कडक आवाज होऊन लॉक होते, मग वीसेक सेकंद गाडी आणि चार्जर आपापसात बोलत बसतात, आतला काँटॅक्टर, म्हणजे मोठा स्विच, खाडकन बसतो आणि पंखे सुरू. १० वरून ८० टक्के म्हणजे २८ युनिट, ६० किलोवॅटच्या गनवर हिशेबाने अर्ध्या तासाच्या आत व्हायला पाहिजे, माझे ४० मिनिटं जातात कारण गाडीच सगळा वेळ तेवढी पॉवर घेत नाही. ८० च्या पुढे तर गाडी स्वतःच करंट उतरवते, बॅटरी जपायला, ते बरोबरच आहे. पण जी माणसं मागे तीन गाड्या उभ्या असताना १०० टक्क्यांची वाट बघत सीट मागे करून झोपतात त्यांना काय म्हणावं! उठा हो.

आता मुद्द्याचं.

बाहेरच्या वळणरस्त्यावर एक स्टेशन आहे, दोन गन, ॲपमध्ये कायम हिरवं. एकदा १४ टक्क्यांवर तिथे पोचले, रात्रीचे साडेनऊ. एका गनसमोर डिझेलची गाडी लावून कोणीतरी गायब. दुसऱ्या गनच्या स्क्रीनवर इमर्जन्सी स्टॉप. म्हणजे ते मोठं लाल बटण असतं ना, ते येताजाता कोणीतरी दाबून ठेवलेलं. हेल्पलाइनला फोन केला तर मुलगा म्हणतो, मॅडम आमच्याकडे चार्जर अव्हेलेबल दाखवतोय, तुम्ही ॲप काढून परत टाका. अरे बाबा मी चार्जरसमोर उभी आहे, तू नाहीस! मग त्यानेच चौकशी करून सांगितलं की त्या चार्जरचं सिम दोन दिवस बंद आहे, आणि ॲप आपलं शेवटचं जे कळलं होतं तेच दाखवत बसलंय. त्यांच्याकडून रीसेट पण होईना, कारण दाबलेलं लाल बटण लांबून सुटत नाही, ते हातानेच फिरवायला लागतं. फिरवलं. टक करून बाहेर आलं, स्क्रीन परत सुरू झाली, पण नेट नाही म्हणून ॲपवरून स्टार्ट होईना. शेवटी एक टॅक्सीवाले दादा आले, त्यांनी खिशातून या सेवेचं चार्जिंग कार्ड काढलं आणि म्हणाले, ताई हे लावा, कार्ड नेट नसलं तरी चालतं. आणि चाललं! काही चार्जरांच्या आत ओळखीच्या कार्डांची यादी साठवलेली असते म्हणे, नेट गेलं तरी ते त्यातलं कार्ड ओळखतात. मला सव्वा वर्षात हे ना ॲपने सांगितलं ना हेल्पलाइनने. दादांचे पैसे तिथेच रोख दिले आणि दुसऱ्या दिवशी कार्डासाठी अर्ज केला. तुम्ही पण आधी कार्डच घ्या, ॲप नंतर.

हे माझंच नशीब फुटकं असं वाटत होतं, तर नाही. २०२२ मध्ये अमेरिकेत सॅन फ्रान्सिस्कोच्या आसपासच्या ६५७ सार्वजनिक फास्ट गन माणसं पाठवून एकेक तपासल्या होत्या, त्यातल्या ७२.५ टक्केच चालू निघाल्या. कंपन्या तेव्हा ९५ ते ९८ टक्के सांगत होत्या. आणि जवळजवळ ५ टक्के ठिकाणी तर चार्जर ठीक, पण केबलच गाडीच्या सॉकेटपर्यंत पोचत नव्हती. हे वाचून मला भयंकर हसू आलं कारण आमच्याकडच्या एका स्टेशनवर मी गाडी उलटी, तिरकी, मग अर्धी फुटपाथवर चढवून लावते, तेव्हा कुठे ती जाडजूड केबल पोचते. कुठल्या गाडीचं सॉकेट पुढे, कुठल्याचं मागे डावीकडे, कुठल्याचं उजवीकडे, हे स्टेशन बांधणाऱ्याला माहीत नसतं का? पेट्रोलपंपाचा पाइप वरून फिरवता येतो, इथे केबल जड आणि आखूडच.

तिकडच्या सरकारने मग आपल्या पैशाने होणाऱ्या महामार्गावरच्या चार्जरांना वर्षाला ९७ टक्के चालू राहायची अट घातली. ऐकायला कडक वाटतं पण उरलेले ३ टक्के म्हणजे ११ दिवस होतात. माझं म्हणणं एवढंच की चालू म्हणजे काय ते कोण ठरवणार, सर्व्हर का गन हातात धरून उभा असलेला माणूस? आमच्या त्या लाल बटणवाल्या चार्जरचे ते दोन दिवस सर्व्हरच्या हिशेबात चालूच धरले गेले असणार.

दुसरी गंमत पॉवरची. बोर्डावर १२० किलोवॅट लिहिलेलं असतं. ते दोन गन मिळून. शेजारी दुसरी गाडी लागली की ६० आणि ६०. हे समजून घेतलं. पण एका ठिकाणी शेजारी कोणी नसताना मला ३० च्या वर मिळेचना, तेव्हा तिथल्या तंत्रज्ञाने खासगीत सांगितलं की चार्जर मोठा बसवलाय पण वीजजोडणी तेवढी मिळालीच नाही, ट्रान्सफॉर्मरवर जागा नव्हती. म्हणजे आधी चार्जरची ऑर्डर आणि नंतर वीज कंपनीला विचारणा. ६० किलोवॅटच्या आठ गन एकदम चालल्या तर ४८० किलोवॅट होतात, एक अख्खा ५०० केव्हीएचा (ढोबळ मानाने किलोवॅटच समजा) ट्रान्सफॉर्मर त्यातच संपला. हे काही गुपित नाही हो, कॅल्क्युलेटरवर होतं. तरी आराखड्यात मोजलं काय, तर गनचा आकडा. इतके बसवले, इतके बसवणार, फीत कापली, फोटो.

युरोपातला नियम मला म्हणून बरा वाटला. तिथे मोठ्या रस्त्यांवर दर ६० किलोमीटरला फास्ट चार्जिंग पाहिजे हे आहेच, पण त्याशिवाय प्रत्येक देशाने नोंद झालेल्या प्रत्येक बॅटरी गाडीमागे १.३ किलोवॅट सार्वजनिक क्षमता ठेवायची. चार्जरच्या डब्यांची संख्या नाही, पॉवर मोजायची, आणि गाड्या वाढल्या की तीही वाढवायची. शिवाय नवीन फास्ट चार्जरवर साध्या बँक कार्डने पैसे देता आले पाहिजेत. इथे माझ्या फोनमध्ये पाच ॲप आणि पाच वॉलेट, प्रत्येकात थोडे थोडे पैसे अडकलेले, जुन्या पर्समध्ये सुट्टे पैसे राहतात तसे.

आता त्या एसी पोस्टबद्दल, कारण खरी शिकवण मला तिथे मिळाली. घरापासून आठ मिनिटं चालत वाचनालय आहे, त्याच्या मागच्या पार्किंगमध्ये कोणाच्या तरी कृपेने दोन एसी पोस्ट लागलेत. वर लिहिलंय २२ किलोवॅट. त्याला भुलू नका, एसीमध्ये खरा चार्जर गाडीच्या आत असतो आणि माझ्या गाडीचा ७.२ चा आहे, त्यामुळे पोस्ट कितीचाही असो मला ७.२ च मिळणार. पण रात्री नऊला लावायची, घरी चालत यायचं, सकाळी सहाला गाडी भरलेली. पंखे नाहीत, रांग नाही, स्क्रीनसुद्धा नाही, नुसता एक हिरवा दिवा. सव्वा वर्षात एकदाच बंद होता, आणि ते पण त्या भागातली वीजच गेली होती म्हणून.

आणि मग डोक्यात हिशेब आला. ६० किलोवॅटच्या एका फास्ट गनला जेवढी वीजजोडणी लागते तेवढ्यात असे ७.२ वाले आठ पोस्ट बसतात. ५७.६ होतात, मोजून बघा. फास्ट गनवर दिवसभर गाड्या येणार आणि रात्री बहुतेक वेळ तो डबा नुसता उभा, आणि याच्यावर आठ घरांच्या गाड्या झोपेत भरून निघणार, ज्या वेळी विजेला मागणी कमी असते त्याच वेळी. लांबच्या प्रवासाला फास्ट पाहिजेच, त्याला नाही म्हणत नाही. पण माझ्यासारखी रोजची ३०-४० किलोमीटरवाली बाई त्या वळणरस्त्यावर जाऊन का उभी राहते? कारण तिथे मोकळी जमीन मिळाली म्हणून चार्जर तिथे आहे! माझी गाडी रात्री जिथे असते तिथे नाही. चीनमधल्या शेनझेन शहराने २०१७ च्या अखेरीपर्यंत १६ हजारांवर बस इलेक्ट्रिक केल्या त्यात मोठा वाटा डेपोचा होता, बस रात्री जिथे उभी राहते तिथेच चार्जर नेला. नॉर्वेत २०२४ मध्ये विकलेल्या नव्या गाड्यांपैकी जवळजवळ ८९ टक्के इलेक्ट्रिक होत्या, आणि तिथेही रोजचं चार्जिंग बहुतेक घरीच होतं. करसवलत हे मोठं कारण आहेच, पण घराजवळ प्लग नसता तर नुसत्या सवलतीवर कोण गेलं असतं?

हायड्रोजनचं पण विचारतात लोक, कारण आराखड्यात त्याचंही एक पान आहे. मी ते वापरलेलं नाही म्हणून स्टार देत नाही. पण कारसाठी तो ७०० बारला, म्हणजे हवेच्या दाबाच्या साधारण सातशेपट दाबाने भरतात, भरताना उणे ४० अंशांच्या आसपास थंड करायला लागतो, लागोपाठ गाड्या आल्या की कॉम्प्रेसरला दम खायला वेळ द्यावा लागतो. विजेपासून हायड्रोजन आणि हायड्रोजनपासून परत वीज यात निम्म्याहून जास्त वाटेतच जाते. लांब पल्ल्याच्या ट्रकांना जमेल कदाचित. वाचनालयामागे नको.

वाचनालयाच्या मागे अजून सहा पोस्ट बसवा म्हणून मी आणि गल्लीतल्या चार जणांनी मिळून सेवेच्या पोर्टलवर अर्ज केलाय, फोटो आणि ट्रान्सफॉर्मरचा नंबर सकट. स्टेटस पाच महिने एकच आहे, विचाराधीन.

एडिट: काल ॲपवर नोटिफिकेशन आलं, ४ नवीन फास्ट गन सुरू. उघडून बघितलं तर त्याच वळणरस्त्यावर, जुन्या स्टेशनच्या समोरच्या बाजूला. मुद्दाम जाऊन आले. ३ चालू आहेत, केबल या वेळी लांब आहे, मान्य. चौथ्याच्या स्क्रीनवरचं प्लास्टिक अजून काढलेलं नाही आणि ॲपमध्ये तो हिरवा आहे. अडीच स्टार तसेच ठेवते.