बी, फाटा की गुटी? बहावा, देवचाफा आणि सोनचाफा घरी वाढवताना

शोभेचे झाड विकत न आणता घरीच तयार करायचे ठरले, की बी पेरावे, फाटा म्हणजे कापलेली फांदी लावावी, की गुटी बांधावी, म्हणजे फांदी झाडावर असतानाच तिला मुळे फोडावीत, हा प्रश्न येतो. त्याचे उत्तर झाडागणिक बदलतेच, पण ते झाड शेवटी अंगणातल्या जमिनीत जाणार आहे की गच्चीवरच्या पिंपात, यावरही ते बरेचसे अवलंबून असते. हाताशी जे आले ते लावून मोकळे होणारे बहुतेक जण नेमके इथेच फसतात. मीही फसलो आहे.

बियांचा विचार बहाव्यापासून करणे सोयीचे आहे. उन्हाळ्याच्या तोंडाशी झाडाखाली पडलेली हातभर लांबीची काळी शेंग फोडली, की आत नाण्यांची चळत रचावी तशा पातळ चकत्या दिसतात, त्यांवर काळा चिकट मगज असतो आणि प्रत्येक कप्प्यात एकेक चपटे, तांबूस तुकतुकीत बी असते. हे बी तसेच पेरले तर महिनोनमहिने मातीत ढिम्म पडून राहते, कारण त्याच्या टणक कवचातून पाणीच आत शिरत नाही. म्हणून बी आधी धुऊन घ्यावे, अंकुराच्या टोकाला धक्का न लावता दुसऱ्या बाजूने नेलकटरने कवचाचा किंचितसा टवका काढावा आणि रात्रभर पाण्यात भिजत ठेवावे. सकाळी जी बिया टम्म फुगलेली दिसेल ती पेरावी. जी फुगली नसेल तिचा टवका पुरेसा गेलेला नाही, असे समजून पुन्हा प्रयत्न करावा. गुलमोहरालाही हाच उपाय चालतो. आपले राज्यपुष्प असलेल्या तामणाला मात्र यातले काहीच लागत नाही, कारण त्याची बारीक, पंखवाली बी ताजी असेल तर नुसत्या भुसभुशीत मातीवर भुरभुरली तरी उगवते.

बियाचे झाड सोटमूळ धरते आणि खोल जाते. जमिनीत लावायच्या मोठ्या झाडाला वाऱ्यापावसात उभे राहण्यासाठी तेच हवे असते. मात्र रोप पिशवीत फार दिवस ठेवले तर सोटमूळ तळाशी गुंडाळी मारते आणि पुढे हा सगळा फायदा वाया जातो, म्हणून उंच पिशवी घ्यावी आणि पहिल्या-दुसऱ्या पावसाळ्यातच रोप जमिनीत लावावे. बियांचा खरा तोटा आहे तो वाट पाहण्याचा. बहाव्याला पहिला फुलोरा यायला पाच-सात वर्षे सहज लागतात, आणि आई झाडाचा रंग किंवा बांधा रोपात तसाच उतरेल याची हमी कोणी देऊ शकत नाही.

देवचाफ्यासाठी मी कधीच बी सुचवणार नाही. त्याला शेंगा क्वचितच धरतात आणि बियाच्या रोपाला फुलांचा रंग वेगळा येऊ शकतो; उलट फाटा लावला, तर ज्या झाडाचा फाटा त्याच झाडाचे फूल मिळते आणि तेही बहुधा एक-दोन वर्षांत. फाटा हिरव्या शेंड्याचा नसावा. राखाडी साल धरलेला, जुनवट, एक ते दीड फूट लांबीचा असावा, आणि तो फेब्रुवारी ते मे या कोरड्या महिन्यांत काढावा. कापल्याबरोबर पांढरा चीक वाहतो, तो पुसून फाटा सावलीत आठ-दहा दिवस नुसता उभा ठेवावा, म्हणजे कापलेली बाजू सुकून तिच्यावर खपली धरते. पहिल्या खेपेला घाईघाईत जुलैच्या झडीत मी ताजा फाटा कुंडीत खोचला होता. पंधरा दिवसांनी तो बोटाने दाबला तर आत नुसता लगदा झालेला होता. निम्मी जाड वाळू आणि निम्मी माती घेऊन त्यात फाटा लावावा आणि पाणी जपूनच द्यावे. शेंड्याला पाने फुटली म्हणजे मुळे धरली असे नव्हे, कारण ती पाने फाट्यातल्याच साठ्यावर आलेली असू शकतात. म्हणून फाटा उपटून पाहण्याचा मोह टाळून दीड-दोन महिने धीर धरावा.

फाट्याचे झाड सोटमूळ धरत नाही. देवचाफ्यासारख्या बुटक्या, जाड बुंध्याच्या झाडाला त्याने फारसे बिघडत नाही, आणि कुंडीसाठी तर ते सोयीचेच आहे. पांगाऱ्याच्या मेढी कुंपणाला रोवतात त्याही याच गुणावर फुटतात. बहाव्याच्या फाट्यावर मात्र वेळ घालवू नये, तो सहसा मूळ धरत नाही.

गुटी ही फाट्यापेक्षा जास्त कष्टाची, पण फांदी झाडावरच असताना मुळे फोडण्याची पद्धत असल्याने जास्त भरवशाची आहे. जून-जुलैत पेन्सिलीएवढ्या जाडीच्या फांदीवरची सुमारे एक इंच रुंद साल वर्तुळाकार काढावी, खालचा बुळबुळीत थर चाकूने खरवडून टाकावा, वरच्या कडेला मुळे फुटायला मदत करणाऱ्या आयबीए या संजीवकाची पूड लावावी, ओले करून पिळलेले शेवाळ गुंडाळावे आणि वरून पारदर्शक प्लास्टिक दोन्ही टोकांना घट्ट बांधावे. बॉटलब्रशला हे छान जमते. हाँगकाँग कांचनाला तर बीच धरत नाही, त्यामुळे तिथे गुटी किंवा कलम (दुसऱ्या रोपावर फांदी जोडणे) यांसारख्या पद्धतींशिवाय मार्गच नाही.

सोनचाफ्याबाबत निर्णय सर्वांत अवघड आहे. त्याच्या बियांभोवतीचा लालसर गर लगेच धुऊन काढून बी ताजेच पेरले तर उगवते, पण सुकू दिले की उगवणशक्ती झपाट्याने जाते. शिवाय बियाच्या रोपाला फुले यायला सात-आठ वर्षेही लागू शकतात. गुटी बांधता येते, पण मुळे सावकाश फुटतात आणि फसण्याचे प्रमाण मोठे असते. म्हणून कोकणातल्या रोपवाटिकांत बियाच्या रोपाचा खुंट, म्हणजे मुळांसकट खालचा भाग, घेऊन त्यावर कलम बांधतात. ते वर्षा-दोन वर्षांत फुलते. अंगण मोठे असेल आणि घाई नसेल तर ताजे बी मिळवून पेरावे. गच्चीच असेल तर, घरी करण्याची हौस बाजूला ठेवून, सोनचाफ्यापुरते कलम विकत आणावे असे माझे मत आहे. आणताना कलमाचा जोड मातीच्या वर आहे ना, एवढे पाहावे, आणि जोडाखालून खुंटाचा फुटवा आला तर तो दिसताक्षणी खुडावा, नाहीतर वर्षभरात तोच वर चढतो आणि कलम मागे पडते.