ॲनिमे वॉलपेपरसाठी वॉलहेवन : डेस्कटॉपला एकदम भारी, फोनला जरा जपून

ॲनिमे वॉलपेपर म्हणून सर्च मारलं की समोर येतं त्यातलं निम्मं तरी कचरा असतं, म्हणजे चित्र वाईट नसतं हो, फाइल वाईट असते. वर ठसठशीत अक्षरात ४के, अल्ट्रा एचडी वगैरे लिहिलेलं आणि प्रत्यक्ष स्क्रीनवर लावलं की कॅरेक्टरच्या केसांच्या कडेला मुंग्या चिकटल्यासारखे बारीक बारीक ठिपके. त्यामुळे मी आता जवळजवळ सगळं वॉलहेवनवरूनच उचलते, आणि ही साइट नेमकी कुठे चांगली आहे आणि कुठे तिच्यावर डोळे मिटून विश्वास ठेवायचा नाही ते एकदा नीट लिहावं असं बरेच दिवस डोक्यात होतं. रेटिंग आधीच देऊन टाकते, डेस्कटॉपसाठी पाचपैकी साडेचार, फोनसाठी तीन.

वॉलबेस नावाची जुनी साइट गेल्यावर तिच्या जागी ही आली. वरच जनरल, ॲनिमे, पीपल अशी तीन बटणं आहेत, त्यातलं फक्त ॲनिमे चालू ठेवायचं. शेजारी एसएफडब्ल्यू (चारचौघांत उघडता येईल असं) आणि स्केची (जरा चावट), यातलं स्केची बंदच ठेवा, खास करून ऑफिसच्या मशीनवर शोधत असाल तर, कारण ॲनिमेच्या बाबतीत स्केची म्हणजे काय काय निघेल सांगता येत नाही. (त्याच्याही पुढचा माल लॉगिन केल्याशिवाय दिसत नाही, ते एक बरंय.) पण खरा जीव आहे तो रिझोल्यूशनच्या, म्हणजे चित्रात आडवे-उभे किती पिक्सेल आहेत त्याच्या, फिल्टरमध्ये. तिथे 'किमान एवढं' आणि 'बरोब्बर एवढंच' असे दोन पर्याय मिळतात आणि लोक हमखास दुसरा घेतात. तुमची स्क्रीन १९२०×१०८० असेल तर 'किमान' वर ठेवा आणि २५६०×१४४० टाका, मोठं चित्र छोटं होताना रेषा उलट आणखी स्वच्छ दिसतात, छोटं मोठं करताना मात्र वाट लागते. रेशो, म्हणजे रुंदी-उंचीचं प्रमाण, याशिवाय स्वतंत्रपणे निवडायचा. साधा मॉनिटर १६:९, बऱ्याच लॅपटॉपला १६:१०, अल्ट्रावाइडला २१:९, हा न निवडता चित्र घेतलं की मग विंडोज डोकं तरी कापतं नाहीतर पाय.

रंगावरून शोधता येतं हे बऱ्याच जणांना माहीतच नसतं. प्रत्येक चित्राच्या पानावर त्यातल्या मुख्य रंगांची पट्टी असते, तिच्यावर क्लिक केलं की त्याच रंगाची बाकी चित्रं येतात. रात्री काम करणाऱ्याला गडद निळं किंवा काळपट जांभळं काही हवं असेल तर हा रस्ता टॅग टाकून शोधण्यापेक्षा कितीतरी चांगला. टॉपलिस्ट, म्हणजे सगळ्यात गाजलेल्या चित्रांची यादी, मात्र मी महिन्यावर न ठेवता वर्षावर ठेवते, महिन्याच्या यादीत त्या सीझनला जी सिरीज गाजतेय तिचाच पूर आलेला असतो.

आता विश्वास कुठे ठेवायचा नाही ते. साइट रिझोल्यूशन दाखवते ते फाइलचं, चित्राचं नव्हे. ३८४०×२१६०, म्हणजेच ४के, लिहिलंय म्हणजे फाइलमध्ये तेवढे पिक्सेल आहेत एवढंच, ते काढलेले आहेत की ताणून आणलेले हे साइटला काय माहीत. आणि ॲनिमेत ताणलेलं फार असतं कारण टीव्हीवरच्या कितीतरी सिरीज मुळात १०८०पी (म्हणजे १०८० पिक्सेल उंची) मध्येसुद्धा बनलेल्या नसतात, ७२०पी ते ९००पी च्या आसपास बनवून मग वर ओढलेल्या असतात. अशा एपिसोडचा स्क्रीनशॉट घेऊन कोणी ४के म्हणून चढवला तर त्यात अडीच-तीन पट मोठं केलेलं चित्र बघतोय आपण. म्हणून माझा नियम असा की सीनचा स्क्रीनशॉट असेल तर १०८०पी च्या वर काही दिसलं तरी भुलायचं नाही, आणि ४के हवंच असेल तर इलस्ट्रेशन घ्यायचं, म्हणजे कलाकाराने मोठ्या कॅनव्हासवर काढलेलं, किंवा ऑफिशियल पोस्टर. इलस्ट्रेटर लोक मुळातच चार-पाच हजार पिक्सेलवर काम करतात, तिथे खरा तपशील असतो.

तपासायचं कसं? डाउनलोड करा, १०० टक्के झूमवर उघडा आणि तीन जागा बघा. एक म्हणजे डोळे. बुबुळातली चमक, पापण्यांच्या रेषा, तिथे रेष टोकाला बारीक होत जात असेल तर माल खरा, सगळी रेष एकाच जाडीची आणि मेणासारखी गुळगुळीत असेल तर सॉफ्टवेअरने फुगवलेला. दुसरी जागा लाल किंवा गुलाबी वस्तू गडद बॅकग्राउंडवर असेल तिथली कड, जेपीजी फाइलमध्ये रंगाची माहिती बऱ्याचदा उभी-आडवी निम्म्या रिझोल्यूशनवर साठवलेली असते त्यामुळे लाल रिबिनीची कड तिथे फिस्कटते. फोटोत हे लपून जातं, ॲनिमेत सपाट रंगाला लागून टोकदार रेष असते म्हणून लगेच डोळ्यात खुपतं. तिसरी जागा आकाश. संध्याकाळचं नारिंगी ते जांभळं असं आकाश असेल आणि त्यात पायऱ्या पायऱ्या दिसत असतील तर सोडून द्या, मोठ्या मॉनिटरवर त्या पायऱ्या आणखी उठून दिसतात. फाइल साइजवरूनही अंदाज येतो, भरगच्च डिटेल असलेलं ४के चित्र चारशे केबीत बसत असेल तर काहीतरी गंडलंय. पण सपाट, मिनिमल चित्राला हे लावू नका, ते मुळातच हलकं असतं.

फुगवणं म्हणजे सरसकट वाईट असंही नाही बरं का. २०१५ मध्ये आलेलं वायफू-टू-एक्स नावाचं चित्र मोठं करायचं सॉफ्टवेअर खास ॲनिमे टाइपच्या चित्रांवर शिकवलेलं होतं, जेपीजीची घाण काढायची आणि दुप्पट करायची ही दोन्ही कामं ते करतं, नंतर त्याच कामाच्या रिअल-ईएसआरगॅनचं ॲनिमेसाठीचं मॉडेल आलं. ७२०पी ची जुनी आवडती फ्रेम दुप्पट करायला ठीक आहेत, फक्त त्याच्या पुढे नेलं की चेहरे प्लॅस्टिकचे व्हायला लागतात. आणि मूळ मोठी फाइल कुठेतरी असतेच बऱ्याचदा. सॉसनाओ या चित्रावरून मूळ शोधणाऱ्या साइटवर चित्र टाका, बहुतेक वेळा पिक्सिव्हवरचं (कलाकार आपली चित्रं टाकतात ती जपानी साइट) मूळ पान सापडतं, लॉगिन केलं की तिथून कलाकाराने चढवलेली साइज बघता येते, आणि कोणी काढलंय ते कळतं हा बोनस. वॉलहेवनवर सोर्सची लिंक अपलोड करणाऱ्याने दिली तरच असते आणि बरेच जण देत नाहीत, माझा अर्धा मार्क गेला तो ह्याच्यावर.

पीएनजी मिळत असेल तर पीएनजीच घ्या. विंडोज वॉलपेपर लावताना जेपीजीची स्वतःची कॉपी बनवतं आणि ती डीफॉल्टला ८५ टक्के क्वालिटीवर पुन्हा दाबतं (कॉम्प्रेस करतं), म्हणजे आधीच दाबलेलं परत दाबलं. रजिस्ट्रीतली (विंडोजच्या आतल्या सेटिंगमधली) एक व्हॅल्यू १०० केली की हे जवळजवळ थांबतं पण त्यात हात घालायची हौस सगळ्यांना नसते.

क्वालिटी चांगली असूनही वॉलपेपर दोन दिवसात काढून टाकावासा वाटतो त्याचं कारण बहुतेक वेळा मांडणी असते. विंडोजचे आयकॉन डावीकडून भरत येतात, मॅकवर फाइल्स उजवीकडे पडतात. म्हणजे विंडोजवर कॅरेक्टर उजवीकडे आणि डावीकडे मोकळं आकाश, भिंत, समुद्र काहीही चालेल पण मोकळं. आता कोणी म्हणेल मग आरशासारखं उलटं करून घ्यायचं चित्र, सोपं आहे. तर नाही, एक तर मागच्या पाट्यांवरची जपानी अक्षरं उलटी होतात, आणि कॅरेक्टर किमोनोत असेल तर मोठीच गोची. किमोनोची डावी बाजू वर येते, उजवी बाजू वर फक्त मृत माणसाला नेसवताना असते. उलटं केलेलं चित्र म्हणजे तुमची लाडकी हिरोईन थेट अंत्यसंस्काराच्या वेषात. ज्यांना माहीत आहे ते बघून हसतात.

फोनकडे येऊ. इथे हिशोब केल्याशिवाय पटत नाही. हल्लीचे बरेच फोन १०८०×२४०० म्हणजे ९:२०. आडव्या १९२०×१०८० चित्रातून तसा उभा तुकडा कापला तर रुंदी उरते फक्त ४८६ पिक्सेल. बरं, ४के घेतलं तरी ९७२, म्हणजे अख्खं ४के चित्र घेऊनसुद्धा फोनच्या स्क्रीनला थोडं कमीच पडतं! म्हणून आडवं चित्र कापून फोनला लावायचा नाद सोडा आणि पोर्ट्रेट फिल्टर लावा. वॉलहेवनवर तो आहे पण आडव्याच्या मानाने चित्रं कमी, आणि त्यातली बरीच ९:१६ ची. ती ९:२० वर लावली की दोन्ही बाजूंनी दहा-दहा टक्के उडतात, कडेला हात किंवा तलवार असेल तर गेली. चेहरा कुठे आहे तेही बघा, लॉक स्क्रीनवर वरचा भाग घड्याळाचा असतो त्यामुळे डोकं एकदम वर असलेलं चित्र म्हणजे कपाळावर साडेनऊ वाजलेले. कंबरेपर्यंतचं चित्र आणि वर भरपूर आकाश, हे सगळ्यात छान बसतं. होम स्क्रीनला कॅरेक्टर लावूच नका, तिथे नुसतं बॅकग्राउंड आर्ट ठेवा, रेल्वे क्रॉसिंग, पाऊस, रिकामा वर्ग असलं काहीतरी. ओलेड स्क्रीन असेल तर काळ्या बॅकग्राउंडवर मांगा (जपानी कॉमिक) स्टाइल चित्र लावून बघा, काळे पिक्सेल चक्क बंद असतात, दिसतंही खतरनाक.

प्ले स्टोअरवर वॉलपेपरची ॲप्स ढीगभर आहेत, एकाचं नाव घेत नाही पण मी वापरलेल्या एकात दर दोन चित्रांमागे पूर्ण स्क्रीनची जाहिरात यायची आणि एचडी बटण दाबल्यावर तीच फाइल मिळायची. काढून टाकलं.

फुकट आणि शंभर टक्के ऑफिशियल काही हवं असेल तर स्टुडिओ घिबली या जपानी ॲनिमे स्टुडिओची साइट. २०२० च्या सप्टेंबरपासून त्यांनी आपल्या फिल्म्समधली चित्रं द्यायला सुरुवात केली, पहिल्या खेपेला ८ फिल्म्समधली ४००, अट एवढीच की तारतम्य ठेवून खुशाल वापरा. साइज १९२०×१०३८, त्यामुळे फुल एचडीवर 'फिल' केलं की दोन्हीकडून जेमतेम चाळीस पिक्सेल जातात, कळतसुद्धा नाही. ४के मॉनिटरवर मात्र मऊ दिसणार.

हलणारं हवं असेल तर स्टीम या गेम विकणाऱ्या ऑनलाइन दुकानातलं वॉलपेपर इंजिन. एकदाच पैसे द्यायचे, मग स्टीमच्याच वर्कशॉप विभागात लोकांनी बनवलेला अमाप माल फुकट, केस उडतायत, पाऊस पडतोय, मस्त. पीसीवर फक्त विंडोजसाठी आहे, अँड्रॉइडचं ॲपही आहे त्यात पीसीवरचा वॉलपेपर पाठवता येतो. लॅपटॉप असेल तर बॅटरीवर असताना थांबवायचं सेटिंग पहिल्याच दिवशी लावा. आणि पूर्ण स्क्रीनवर गेम चालू असताना थांबवायचंही, नाहीतर मागे कोणालाही न दिसणारा पाऊस पडत राहतो आणि ग्राफिक्स कार्ड राबत बसतं.

एआयच्या चित्रांचं काय, तर पिक्सिव्हने २०२२ मध्येच त्यासाठी लेबल आणि फिल्टर आणला, वॉलहेवनवरही ती लपवायची सोय आहे. मी लपवते. लांबून चकाचक दिसतात पण रोज आठ तास समोर असलेल्या चित्रात एकदा का सहावं बोट दिसलं की मग दुसरं काही दिसतच नाही. फिल्टरमधूनही काही निसटतात, तेव्हा बोटं, कानातले आणि मागच्या पाट्यांवरची अक्षरं बघायची.

अँड्रॉइड १२ पासून पुढचा फोन असेल तर अजून एक, वॉलपेपरच्या रंगावरून बऱ्याच फोनमध्ये अख्खी सिस्टीम रंगते, बटणं, कीबोर्ड, क्विक सेटिंग सगळं. गुलाबी केसांची कॅरेक्टर लावली आणि कॅल्क्युलेटरसुद्धा गुलाबी झाला तर दचकू नका, वॉलपेपरच्याच सेटिंगमध्ये चार-पाच रंगांचे पर्याय असतात, त्यातला दुसरा कुठला तरी निवडा.