नकाशा की नोंदवही? सोलापूरचा पाऊस वाचताना

सोलापूरचा पाऊस दोन तऱ्हांनी वाचता येतो. ठिकाणं नकाशावर मांडून, नाहीतर वर्षं एका रांगेत लावून.

नकाशा लगेच बोलतो. महाबळेश्वरला वर्षाला 5,000 मिलिमीटरहून जास्त, आपल्याकडे साधारण 550 ते 750. मध्ये सह्याद्री उभा, आपण त्याच्या पर्जन्यछायेत. कारण लगेच डोळ्यांसमोर येतं. 1854 मध्ये डॉक्टर जॉन स्नो यांनी लंडनमधले कॉलऱ्याचे मृत्यू नकाशावर मांडले, तेव्हाही ते एका पाण्याच्या पंपाभोवती दाटलेले दिसले.

नोंदवही सावकाश उलगडते. गिल्बर्ट वॉकर भारतीय वेधशाळांचे प्रमुख होते. मान्सूनच्या अंदाजासाठी त्यांनी जगभरच्या हवेच्या दाबाच्या कित्येक वर्षांच्या नोंदी ताडल्या. त्यातून प्रशांत आणि हिंदी महासागरांमधलं दाबाचं दोलन हाती लागलं. पण ते का घडतं, हे आकड्यांनी सांगितलं नाही. एल निनोशी, म्हणजे प्रशांत महासागराचं पाणी नेहमीपेक्षा तापण्याशी, त्याचा सांधा 1969 मध्ये हवामानशास्त्रज्ञ ब्यर्कनेस यांनी जुळवला. कारण शोधायचं तर नकाशाच सरस, हे मान्यच.

तरीही सोलापूरकरांनी आधी नोंदवहीच उघडावी, असं मला मनापासून वाटतं. सरासरीच्या नकाशात 1972 चा दुष्काळ दिसतच नाही. शिवाय इथे सर्वाधिक पाऊस सप्टेंबरात पडतो, आणि काळ्या जमिनीत मुरलेल्या त्याच ओलीवर मंगळवेढ्याची मालदांडी ज्वारी उभी राहते. जून-जुलै चांगले बरसले, वर्षाचा आकडाही भरला, पण सप्टेंबर कोरडा गेला, तर रब्बीची पेरणी अडते.