निर्णय मागायचा की प्रवेश? रखडलेल्या मेडिकल मान्यतेसाठीचे दोन मार्ग

राष्ट्रीय वैद्यकीय आयोग कायदा, 2019 च्या कलम 28 नुसार नवे कॉलेज, पीजी अभ्यासक्रम किंवा वाढीव जागांच्या प्रस्तावावर आयोगाच्या वैद्यकीय मूल्यांकन व मानांकन मंडळाने 6 महिन्यांत निर्णय द्यायचा असतो. मुदत उलटली की 15 दिवसांत आयोगाकडे अपील करता येते आणि त्यावर आयोगाला 45 दिवस मिळतात. ही पायरी गाळून थेट उच्च न्यायालयात गेलात, तर 'पर्यायी उपाय वापरला नाही' हा आक्षेप आलाच म्हणून समजा.

राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खाली उच्च न्यायालयात केलेल्या रिट याचिकेत मग दोन गोष्टी मागता येतात. एक, परमादेश: अमुक तारखेपर्यंत निर्णय द्या. प्रस्ताव मंजुरीयोग्य आहे की नाही यात शिरावे लागत नसल्याने न्यायालय हा तुलनेने सहज देते. अर्जाची पोच, फीची पावती, स्मरणपत्रे तारीखवार लावा. मेख एवढीच, की आदेश 'निर्णय घ्या' असा असतो, 'मंजूर करा' असा नव्हे. शेवटच्या दिवशी नकार आला, तर याचिकेत दुरुस्ती करून त्यालाही आव्हान द्यावे लागते आणि तोवर प्रवेशफेऱ्या उरकतात. म्हणून प्रार्थनेतच (याचिकेतील मागणीच्या भागात) पहिल्या फेरीआधीची तारीख मागावी.

दुसरी, तात्पुरते प्रवेश देण्याचा अंतरिम आदेश. संस्थाचालकांना हाच हवा असतो, पण 2016 च्या कलिंग इन्स्टिट्यूट प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने अशा आदेशावर ताशेरे ओढून संस्थेवर 5 कोटी रुपयांचा दावाखर्च लादला. तपासणी अहवालात प्राध्यापक किंवा खाटांची एकही त्रुटी असेल, तर या वाटेला जाऊच नये.