इनेची नौकाघरे : क्योतोहून एका दिवसाची खासगी सहल

आई-वडिलांना घेऊन आम्ही लातूरचे चौघे जपानमधल्या क्योतोहून चालकासह गाडी ठरवून इने या मच्छीमारांच्या गावी गेलो, आणि टँकरची वाट पाहण्यात कितीतरी उन्हाळे काढलेल्या आईला घराच्या उंबऱ्याशी टेकलेला समुद्र पाहून बराच वेळ शब्दच सुचेना. आखाताच्या काठाने अशी सुमारे २३० घरे असून खाली होडी आणि वर बिऱ्हाड अशी त्यांची रचना आहे. तोंडाशी असलेले आओशिमा बेट लाटा अडवते आणि भरती-ओहोटीतला फरकही अत्यल्प असतो, म्हणूनच पाण्याला इतके खेटून राहणे जमते. एका घरात तळमजल्याची जमीन उतरत थेट पाण्यात गेली होती आणि तिच्या कडेला जाळी वाळत होती.

वाटेत अमानोहाशिदाते हा पाइन वृक्षांनी झाकलेला सुमारे ३.६ किलोमीटरचा वाळूचा पट्टा डोंगरावरून पाहिला. चालक वक्तशीर होता, आणि वडिलांचे गुडघे दुखतात हे लक्षात येताच तो न सांगता गाडी जवळ आणत असे, याचे मोल आम्हाला फार वाटले.

तक्रार जेवणाची आहे. शाकाहाराचे आगाऊ कळवूनही माशांच्या अर्काचे सूप पुढे आले, त्यामुळे आई-वडिलांनी सोबतच्या धपाट्यांवर आणि शेंगदाण्याच्या चटणीवर भागवले. शाकाहारी मंडळींनी डबा जवळ ठेवावा.