स्टालाग 17: आठ महिने आणि दीड इंचाचं भोक

जमैकन ऑर्गनवादक अ‍ॅन्सेल कॉलिन्सच्या 'स्टालाग 17' या रेगे वाद्यसंगीताची सात इंची तबकडी आठ महिन्यांपूर्वी मागवली. तबकडी 1,100 रुपये, टपालखर्च 1,400. हा हिशेब घरात अजून सांगितलेला नाही.

लावायला गेलो तर मधलं भोक दीड इंचाचं, जमैकन पद्धतीचं. माझ्या प्लेअरची दांडी पेन्सिलीएवढी. मधे बसवायची चकती सोबत नव्हतीच. विक्रेत्याला लिहिलं, तर म्हणे ती वेगळी घ्यावी लागते. अडीच हजार मोजल्यावर! मग हट्टाने एका डबीचं झाकण कापून बसवलं. ते केसभर एका बाजूला गेलं आणि ऑर्गनचे लांबलेले सूर डुलायला लागले. मिनिटाला 45 फेरे, म्हणजे 45 हेलकावे. एकदा कानाला जाणवलं की दुसरं काही ऐकूच येत नाही.

त्यात गाणाराही कोणी नाही. महिनाभर माझं मत ठाम होतं: पैसे पाण्यात.

मग एका रविवारी लेकीने फोनवर जमैकन गायिका सिस्टर नॅन्सीचं 'बॅम बॅम' लावलं. मी कांदा चिरत होतो, हात थांबला. खालचा बेस माझ्याच तबकडीतला! निर्माता विन्स्टन रायलीने 1973मध्ये करून घेतलेला हा ठेका. नॅन्सी त्यावर 1982मध्ये आली, गायक टेनर सॉ 'रिंग द अलार्म' घेऊन 1985मध्ये. जमैकात याला रिदिम म्हणतात. चाल ज्याची त्याची, खालचं वाजणं सगळ्यांचं. आपल्याकडे तबल्याच्या सोलोला लेहरा धरतात, साधारण तसं.

हे वाजणं इतकं का टिकलं, तर माझ्या मते बेसमुळे. तो आपलं म्हणणं मांडतो आणि गप्प बसतो. त्या फटीत नॅन्सी शब्द टाकून मोकळी होते. टेनर सॉ आवाज ताणून फट ओलांडूनच जातो. दोघांनाही जागा पुरते. आता नुसतं वाद्यसंगीत लावलं तरी मी मनात कुणालातरी गायला बसवतो. गाणारा नाही ही तक्रार मागे.

भोकाची नाही. शेवटी चकती घेतली, 80 रुपयांना. ऑर्गन सरळ झाला. हे 80 रुपये आठ महिने का वाचवले, हे विचारू नका.

'रिंग द अलार्म'ची तबकडी बघून ठेवलीय. टपालखर्च आता 1,650 झालाय.