नाशिकची वाइन की पुण्याची क्राफ्ट बिअर?

स्थानिक धंद्याला जास्त हातभार कोणाचा? माझं मत नाशिककडे झुकतं. १९९९मध्ये सुला ही वाइन कंपनी सुरू झाली, आज गंगापूर धरणाच्या बाजूला द्राक्षबागा पाहायला आलेला मुंबईकर मुक्काम करतो, जेवतो, टॅक्सी करतो, जमलं तर त्र्यंबकेश्वरही उरकतो (हो, एकाच फेरीत!). वाइनची द्राक्षं बरीचशी जिल्ह्यातल्याच शेतकऱ्यांची. जानेवारी ते मार्च तोडणी, तेव्हा खरी गर्दी.

पुण्यात २००९मध्ये डूलाली आली, देशातल्या सुरुवातीच्या मायक्रोब्रुअरींपैकी एक, म्हणजे जागेवरच थोडी थोडी बिअर बनवणारी. बिअरला हंगामाची वाट पाहावी लागत नाही, काही आठवड्यांत तयार. पण हॉप्स (बिअरला कडवटपणा देणारी फुलं) बहुतेक परदेशी आणि गिऱ्हाईक बव्हंशी शहरातलंच: संध्याकाळी येतं, रात्री घरी जातं. लॉजवाल्याच्या पदरात फारसं काही पडत नाही.